यात्रेतल्या पत्र्या

आकाराम लोहाराला खोटं बोलता येत नव्हतं, आणि खालच्या कोर्टात त्याला तेवढंच भोवलं.

पिंपरखिंडीच्या पेठेत, नाथाच्या देवळाकडे वळायच्या कोपऱ्यावर त्याचं दुकान. दुकान म्हणजे पत्र्याचे दोन खण. आत भट्टी आणि ऐरण, पुढे खुरांना नाल ठोकताना बैल आडवा पाडायला मोकळी जागा. आकारामच्या बापाने ती इनामदारांकडून भाड्याने घेतली. बाप गेला, आकारामचे केस पांढरे झाले, भाडं दर दसऱ्याला बिनबोभाट जात राहिलं. आटपाडीकडचा सगळा कोरडा मुलूख. त्या कोपऱ्याकडे तेव्हा कुत्रंसुद्धा वळून बघत नव्हतं. मग टेंभू योजनेचं पाणी आलं, डाळिंबाचा पैसा आला, रस्ता रुंद झाला आणि कोपऱ्याला एकाएकी रूप आलं. जागा राजेश्वरीबाई इनामदारांच्या नावावर. पण त्या थकल्या होत्या, कारभार सगळा मुलाचा, धैर्यशीलचा. धैर्यशीलला तिथे शटरवाली दुकानं काढायची होती. त्याने वकील गाठला. वकिलाने सांगितलं, भाडेकरूने सलग सहा महिने कारण नसताना जागा वापरली नाही, तर ती काढून घेता येते.

आता आकाराम दसरा झाला की बिऱ्हाड उचलून साखर कारखान्याच्या गाडीतळावर जायचा. ऊस ओढणाऱ्या बैलांच्या खुरांना पत्र्या, म्हणजे लोखंडी नाल, मारायच्या, गाड्यांची कामं करायची आणि चैत्र उलटला की परत यायचं, हा त्याचा वर्षानुवर्षांचा शिरस्ता. साऱ्या गावाला तो ठाऊक. तो परत यायच्या आत धैर्यशीलने आईची सही उरकून घेऊन दावा ठोकून दिला.

उलटतपासणीला आकाराम धुतलेलं धोतर नेसून उभा राहिला. धैर्यशीलच्या वकिलाने विचारलं, "दसऱ्यापासून दाव्याच्या दिवसापर्यंत तुम्ही त्या जागेत एक दिवस तरी धंदा केलात?"

"न्हाई."

"एक रुपया मिळवलात?"

"न्हाई, सायेब."

"म्हणजे जागा बंदच होती."

"धंद्याला बंदच व्हती," आकाराम म्हणाला आणि खाली उतरला.

यात त्याने एक अक्षर खोटं सांगितलं नव्हतं. पण हंगामाच्या मध्यावर, पौषात, नाथाची यात्रा भरायची. तेव्हा आकाराम गाडीतळ सोडून गावी यायचा, दुकान उघडायचा, देवळातल्या धुनीचा निखारा आणून भट्टी पेटवायचा आणि यात्रेला आलेल्या बैलांना पत्र्या मारायचा. पैसा घ्यायचा नाही. त्या विस्तवावर विकायची वस्तू करायची नाही. यात्रा उठली की भट्टीतली राख धुनीला परत द्यायची. हे त्याच्या बापापासून चालत आलेलं. आकारामच्या लेखी तो धंदा नव्हता, ती सेवा होती, आणि सेवा चारचौघांत सांगायची नसते. त्याच्या वकिलाने ते विचारलं नाही, त्याने सांगितलं नाही. दसऱ्याच्या तोंडावर निकाल लागला: जागा रिकामी करून द्यावी.

दुसऱ्याच दिवशी धैर्यशीलने दोन माणसं टेप घेऊन धाडली. आकाराम कुऱ्हाडीला पाणी देत होता. माणसं त्याच्या मागून, पुढून, बाजूने मापं घेत राहिली.

"जरा सरका हो लोहार," एकजण म्हणाला, आणि आकाराम तापलेली कुऱ्हाड सांडशीत धरून स्वतःच्याच भट्टीपासून बाजूला सरकला. धैर्यशील जीपला टेकून उभा होता. लहानपणी हाच पोरगा भोवरा घेऊन यायचा आणि 'तात्या, आर बसवून द्या' म्हणून पायाशी बसायचा. आज त्याने मान वर करून बघितलं नाही.

घरी जेवताना नाथाजीने विषय काढला. नाथाजी हा आकारामचा एकुलता मुलगा. हाताला कसबी, पण भांडणाला भिणारा. "आबा, सोडून द्या. हायवेकडंला शेड मारू. मोठ्यांच्या नादाला लागून कुणाचं भलं झालंय?"

"हायवेला बैल पाडनार कुठं?" त्याची बायको शिवांजली भाकरी थापता थापता म्हणाली. "ट्रकखाली?"

आकारामची बायको साळूबाई तोवर गप्प होती. ती गप्प असली की घरात कुणाला घास गोड लागत नसे. शेवटी ती म्हणाली, "वरचं कोर्ट सरकारनं कशापायी बांधलंय? शोभंला? येसूबाईची लेक सांगलीला वकील हाय. खडीवर आमी दोघी एका घमेल्यात जेवलोय. उद्या जायाचं."

"आगं पर..."

"पर न्हाई आन् बिर न्हाई."

आणि आकारामच्या घरात वरचं कोर्ट नेहमी तेच होतं.

सांगलीला विजयनगरच्या कोर्टाजवळ आम्रपाली लोंढे हिचं ऑफिस एका झेरॉक्सच्या दुकानावर होतं. तिची आई येसूबाई आणि साळूबाई दुष्काळात रोजगार हमीच्या कामावर जोडीने खडी फोडायच्या. आम्रपालीने दोघांना आधी पाणी दिलं, मग निकाल वाचला. वाचताना ती दोनदा थांबली.

"तात्या, तुम्ही तर सगळंच कबूल करून बसलाय."

"जे खरं ते सांगितलं, बाई."

"अहो, पण खरं सगळं सांगायचं असतं. अर्धंच कसं सांगितलंत? आमच्या गावचे बैल दर यात्रेला तुमच्याकडेच येतात की. मी लहान असताना बघितलंय."

आकारामने मान खाली घातली. साळूबाई मात्र सावरून बसली. "लेकी, मी कोर्टात बसली व्हती. यांनी न्हाई सांगितलं, पर त्यो रविराज बोलला की."

रविराज म्हणजे धैर्यशीलचा चुलतभाऊ आणि त्याच्याच बाजूचा साक्षीदार. दुकान बंद असायचं एवढंच सांगायला त्याला उभा केला होता. पण रविराजला खिलार बैलांचा नाद. बैलाचं नाव निघालं की त्याला घराचं भान राहत नाही, तिथे कोर्टाचं कुठून राहणार? आकारामच्या तालुक्यातल्या वकिलाने सहज विचारलं, तुम्ही लोहारांना कसे ओळखता? तर गडी खुलला. म्हणाला, माझ्या सर्ज्याच्या पायाला आकारामशिवाय कुणी हात लावलेला मला चालत नाही. दावा घातला त्याच साली, त्याच्या आधी पौषाच्या यात्रेत, याच दुकानात सर्ज्याला पत्र्या मारल्या आणि पुढच्या महिन्यात सर्ज्याने शर्यतीची फायनल मारली. कोर्टातले शिपाईसुद्धा हसले होते. हसून सगळे विसरले. साळूबाई विसरली नव्हती.

आम्रपालीने कागद उलटले. साक्ष जशीच्या तशी होती. खालच्या निकालात तिचा उल्लेख नव्हता.

"तात्या, आपलं अपील इथं उभं राहतंय," ती म्हणाली. "कायद्याला सलग सहा महिने लागतात. यात्रेने ते मधेच तुटतात."

"त्यो इषय कोर्टात न्यायाचा न्हाई, बाई."

"का?"

"ती नाथाची सेवा हाय. सेवा करायची आन् तिच्या बदल्यात जागा मागायची, मग ती सेवा ऱ्हाती व्हय? मजुरीच झाली की."

साळूबाईने कपाळाला हात लावला. आम्रपाली मात्र हसली नाही. "बरं," ती म्हणाली, "तुमच्या मर्जीविरुद्ध मी बोलणार नाही. कारखान्याचा हंगाम हेच तुमच्या गैरहजेरीचं कारण, एवढ्यावर लढते. पण ते पुरेल असा शब्द देत नाही. यात्रेचं तुम्ही मनाशी ठरवा. हुकुमाला स्थगिती तेवढी आत्ताच मागू."

मुदतीत अपील दाखल झालं, स्थगिती मिळाली. निकाल लागेपर्यंत जागा आकारामकडेच राहणार होती. दसऱ्याला हत्यारं पुजून त्यांनी दुकानाला कुलूप लावलं आणि टेम्पोत ऐरण चढवली.

गाडीतळावर दिवस बैलांच्या पायांत जातो. रात्री वस्तीला आलेल्या बैलगाड्या पहाटेपासून उभ्या. बैल लंगडायला लागला की गाडीवान आधी लोहाराकडे येतो, मग स्वतःच्या दुखण्याकडे बघतो. नाथाजी दोरीचा फास टाकून बैल पाडायचा, शिवांजली शिंगांवर भार देऊन डोकं दाबून धरायची, साळूबाई भट्टीचा पंखा फिरवायची. आकाराम खूर तासून पत्री बसवायचा. खिळा मांसात गेला तर बैल कामातून जातो, त्यामुळे खिळा मारताना तो श्वाससुद्धा जपून घ्यायचा. गुडघे मोडून बसून बसून त्याच्या पायांना मुंग्या यायच्या, उठताना साळूबाईच्या खांद्याला धरावं लागायचं.

तारखेच्या दिवशी तो हे सगळं टाकून एसटीने सांगलीला जायचा. तिथे बाकावर बसायचा. कधी समोरचे वकील आजारी, कधी फाइल वर आलेली नाही. तारीख पडायची. परत येईपर्यंत बैलांची रांग लागलेली असायची.

"काय तात्या," एक गाडीवान म्हणाला, "जजसायबाला पत्री मारली का न्हाई अजून?"

"पायच उचलून देत न्हाई गड्या त्यो," आकाराम म्हणाला. तळावर हशा पिकला. पण त्या दिवशी त्याला जेवण गेलं नाही. यात्रेचं काय करायचं, हे त्याने अजून ठरवलं नव्हतं, आणि साळूबाईने विचारायचं सोडून दिलं होतं.

पौष आला. बिऱ्हाड ऐरणीसकट गाडीतळावरून पिंपरखिंडीला आलं, तर दुकानाच्या दारात विटांचा ढीग. नुसता ढीग नव्हे, छातीइतकी उंच रास, पलीकडे वाळू. दार उघडायला जागा नाही, बैल पाडायला तर नाहीच. नाथाजी इनामदारांच्या बंगल्यावर विचारायला गेला आणि पडलेल्या तोंडाने परत आला.

"ते म्हनत्यात, जागंला आमी हात लावला न्हाई. इटा भाईर हायती."

आकाराम विटांकडे बघत उभा राहिला. त्याला राग आला होता, पण त्याहून जास्त लाज वाटत होती, जणू त्यानेच काही केलं होतं. यात्रेकरू जाता येता बघत होते. मग शिवांजलीने पदर खोचला आणि पहिली वीट उचलली. "मामा, बघून हलत न्हाईत्या."

चौघांनी ओळ धरली. वीट या हातातून त्या हातात. ऊन चढलं, शिवांजलीचे तळवे सोलवटले, साळूबाई कमरेत वाकायची ती तशीच राहायची. पेठेतली माणसं आधी लांबून बघत होती. इनामदारांना कोण दुखावणार? पण बैल घेऊन आलेल्यांना ती भीती नव्हती. डोंगरगावचा एक म्हातारा कासरा झाडाला बांधून ओळीत येऊन उभा राहिला. मग दुसरा आला. मग माणसं मोजायचं काम उरलं नाही. तिसऱ्या प्रहरी दार मोकळं झालं. विटा वाळूपलीकडे नीट थर लावून रचल्या होत्या, एकही फुटली नव्हती.

देवळाच्या गुरवाने खापरातून निखारा आणला. भट्टी पेटली आणि कामाला तोंड लागलं. बैल पडत होते, उठत होते, नव्या पत्र्यांवर दोन पावलं जपून टाकून मग ऐटीत चालत होते. कुणी नारळ ठेवायचा, कुणी नुसता हात जोडायचा. गाडीतळावर आकारामचे गुडघे दुखायचे. इथे त्याला गुडघे आहेत याचीच आठवण होत नव्हती.

दिवस कलताना रविराज सर्ज्याला घेऊन आला. धैर्यशीलचा साक्षीदार. तोंड देवळाकडे, कासरा आकारामकडे.

"बैल लंगडतोय," तो देवळाला सांगितल्यासारखा म्हणाला.

साळूबाई पंखा फिरवायची थांबली. "आवं रविराज, दुकान तर बंद असतंय म्हनं."

रविराजचे कान लाल झाले. "वैनी, तुमचं भांडान माझ्याशी. बैलाशी न्हाई."

"पाड रं बैल," आकाराम नाथाजीला म्हणाला. त्याने सर्ज्याचा खूर मांडीवर घेतला, खुरात रुतलेला खडा काढला, जखम कोमट पाण्याने धुतली आणि एरवीपेक्षा जास्तच निगुतीने पत्री बसवली. सर्ज्या उठला, चालला, लंगडला नाही. रविराजने आकारामच्या पायाला हात लावायला वाकावं तसं केलं, आणि मग कुणीतरी बघेल म्हणून नुसतीच चप्पल नीट केली.

तेवढ्यात धैर्यशीलची जीप थांबली. काच खाली झाली. "करून घ्या लोहार. ही शेवटचीच. पुढच्या यात्रेला इथं मोबाइलचं दुकान असेल."

आकारामने पुढच्या बैलाचा खूर मांडीवर घेतला.

यात्रा उठली. गुरव राख न्यायला आला. पाटी भरून झाल्यावर तो जाईना. शेवटी म्हणाला, "आकारामतात्या, पुढल्या साली निखारा कुठं आनून देऊ?"

साधा प्रश्न. म्हाताऱ्याने वाईट हेतूने विचारला नव्हता. त्याला खरंच पत्ता हवा होता. आकाराम ऐरणीवर बसला होता.

"साळू," तो म्हणाला, "मला वाटायचं, सेवा माझी हाय, मी झाकून ठिवायची. आगं, पर जागाच गेली तर मी काय झाकनार? ज्यानं आजवर बैल आनलं त्यांनी कुठं जायाचं? मी माझंच सोवळं सांभाळत बसलोय."

"ह्ये मी दसऱ्याला सांगितलं असतं, तर पटलं असतं का?"

"नसतं पटलं."

"म्हनूनच न्हाई सांगितलं," साळूबाई म्हणाली.

आकारामने शिवांजलीकडून फोन लावून घेतला. पलीकडून आम्रपालीचा आवाज आल्यावर त्याने घसा खाकरला. "बाई, आकाराम लोहार बोलतोय. यात्रंचं सांगा कोर्टात. काय म्हनायचं त्ये नाथ मला म्हनंल."

माघात अपील सुनावणीला निघालं. कोर्टाच्या पार मागच्या बाकावर आकाराम, साळूबाई आणि शिवांजली दाटीने बसली होती. नाथाजी गाडीतळ सांभाळायला मागे राहिला होता. खरं म्हणजे त्याची छाती झाली नव्हती. पुढे धैर्यशील कडक इस्त्रीच्या सदऱ्यात.

त्याच्या वकिलांनी थोडक्यात आटोपलं. "भाडेकरू स्वतः शपथेवर सांगतो, जागा बंद होती. आणखी काय पुरावा हवा?"

आम्रपाली उठली. आवाज न चढवता तिने आकारामचं उत्तर वाचलं, 'धंद्याला बंद होती', आणि ते तीन शब्द 'धंद्याला'वर जोर देऊन पुन्हा वाचले. मग रविराजची साक्ष वाचायला घेतली. सर्ज्याचं नाव आलं तसे न्यायाधीश खुर्चीत पुढे झाले.

"हा साक्षीदार कुणाचा?"

"वादीचा, साहेब. त्यांचाच."

न्यायाधीश धैर्यशीलच्या वकिलांकडे वळले. "तुमचाच साक्षीदार सांगतो की दाव्याच्या आधीच्या पौषात त्याच्या बैलाला याच जागेत पत्र्या मारल्या. त्याची साक्ष तुम्ही खोटी म्हणता का?"

"नाही साहेब. पण ते काम फुकट होतं. भाडेकरू स्वतः म्हणतो, एक रुपया मिळवला नाही. तो धंदा नव्हे."

"जागा कशासाठी दिली होती?"

वकिलांनी कागद चाळले. "लोहारकामासाठी."

"बैलांना पत्र्या मारणं हे लोहारकाम नाही?"

"आहे, पण..."

"कायदा जागेचा वापर विचारतो, वकीलसाहेब. नफा विचारत नाही."

साळूबाईला यातलं किती कळलं कोण जाणे, पण तिने शिवांजलीच्या मांडीला असा चिमटा काढला की ती बाकावरून उठलीच. आम्रपाली पुढे बोलत राहिली. भट्टी रोवलेली, कुलूप आकारामचं, दर साली हंगामाला जाणं ही या धंद्याचीच रीत, आणि घरमालकाने ती इतकी वर्षं डोळ्यांनी पाहिलेली. धैर्यशील मान वळवून रविराजला शोधत होता. रविराज आलाच नव्हता.

निकालाच्या दिवशी नाथाजीही आला. न्यायाधीशांनी नाव पुकारायला लावलं आणि दोनच ओळी वाचल्या. अपील मंजूर. खालचा हुकूम रद्द, दावा खर्चासह फेटाळला.

आकाराम उभाच. आम्रपाली त्याच्याजवळ आली तरी त्याने हात जोडलेलेच होते.

"बाई, म्हंजी जायाचं का ऱ्हायाचं?"

"राहायचं, तात्या. जागा तुमच्याकडेच."

आकारामचा चेहरा आधी जसा होता तसाच राहिला. मग त्याची हनुवटी हलायला लागली. आयुष्यभर आगीसमोर बसलेला माणूस, त्याला डोळ्यातून पाणी यायचं ते धुराने. आज धूर नव्हता, आणि ते त्याला लपवताही येईना. साळूबाईने आम्रपालीची अलाबला घेऊन कडाकडा बोटं मोडली. "येसूला सांग, तुझ्या लेकीनं आमाला उभं ठिवलं." नाथाजी भिंतीकडे तोंड करून हसत होता. घाबरट माणूस जिंकला की असाच हसतो.

जिन्यावर धैर्यशील गाठ पडला. "खुश होऊ नका. कोल्हापूरला आता हायकोर्टाचं बेंच झालंय. तिथं भेटू."

"भेटू की, दादासायेब," आकाराम म्हणाला. "आता रस्ता म्हाईत झालाय."

आपण असं बोललो याचं त्यालाच नवल वाटलं. शिवांजलीने कोपऱ्यावर भडंग घेतलं आणि सगळी एसटी येईपर्यंत ते खात उभी राहिली. इतकं चविष्ट भडंग सांगलीत पुन्हा कधी मिळालं नाही, असं नाथाजी अजून सांगतो.

हंगाम संपायला अवकाश होता. गाडीतळावर काम खोळंबलं होतं. पण आकाराम थेट पिंपरखिंडीला उतरला. दुसऱ्या दिवशी, ना सण ना यात्रा, अशा भर फाल्गुनात त्याने दुकान उघडलं. भट्टी पेटवली, ती काडेपेटीने. ऐरण गाडीतळावर होती म्हणून शेजारून रुळाचा तुकडा मागून आणला. पहिला घण पडला तसा पेठेतला चहावाला किटली घेऊनच बाहेर आला. घटकाभरात माणसं जमली. कुणाचं खुरपं, कुणाची कुऱ्हाड, कुणाचं काहीच नाही, नुसताच येऊन बसलेला. यात्रेच्या दिवशी लांबून विटा बघणारेही त्यात होते. आकारामने कुणाला काही सुनावलं नाही. साळूबाईने सुनावलं, आणि त्यांनी ते हसत ऐकून घेतलं.

एवढ्यात गर्दी दोन्हीकडे सरकली. इनामदारांच्या घरी कामाला असणारी बनुबाई पेठेच्या मधोमध चालत येत होती. तिच्या हातात विळी होती, चांगली जाडजूड, पाटाची, पितळी फुलं जडवलेली. असली विळी गावात एकाच घरात होती. नाथाजीचा घण हातातच राहिला.

"राजेश्वरीबाईंनी धाडलीया," बनुबाई दम खात म्हणाली. "धार लावून मागितलीया."

"दादासायबास्नी ठावं हाय?" आकारामने विचारलं.

"तर! सकाळधरनं घर डोक्यावर घेतलंया. कोल्हापूरच्या कागदावर बाईसायबांची सही लागती. त्यांनी केली न्हाई. म्हनल्या, मालकांनी ती जागा नाथाच्या बैलांसाठी दिली व्हती. मला कुनी इचारलंच न्हाई, आन् मी बी गप बसली. आता न्हाई बसायाची." बनुबाईने विळी पुढे केली. "मी आपली मागल्या बोळानं निघालती. तर म्हनल्या, बोळानं न्हाई. पेठंतनं जा. सगळ्यांच्या देखत जा."

साळूबाईने पदर तोंडाला लावला. आकारामने हात धोतराला पुसले, विळी घेतली आणि पात्यावरून अंगठा फिरवला.

"लय बोथाट झालीया," तो म्हणाला. "बसा, बनुबाई. च्या घ्या तवर."